घरात वाया जाणाऱ्या विजेचा हिशेब



पिकाचा ताळेबंद मांडताना बियाणे, खते, औषधे, मशागत आणि मजुरी यांवरील खर्च आपण बारकाईने धरतो. खताच्या पिशवीमागे दहा-वीस रुपये वाचत असतील तर दोन दुकाने जास्त फिरतो. घराचे वीज बिल मात्र ‘आले तेवढे भरायचे’ या खात्यात जाते. वास्तविक घरखर्च शेवटी शेतीच्या आणि दुधाच्या उत्पन्नातूनच भागवावा लागतो. त्यामुळे घरात वाया गेलेले शंभर रुपये आणि शेतात वाया गेलेले शंभर रुपये यांत काहीही फरक नाही.

याकडे दुर्लक्ष होण्याचे एक कारण शेतपंपाच्या सवयीत आहे. अनेक वर्षे शेतपंपाची आकारणी मीटरवर न होता अश्वशक्तीवर होत आली. एप्रिल २०२४ पासून मुख्यमंत्री बळीराजा मोफत वीज योजनेत साडेसात अश्वशक्तीपर्यंतच्या शेतपंपांना वीज बिल माफ झाले. त्यामुळे पंप दोन तास चालला काय आणि सहा तास चालला काय, खिशाला फरक पडत नाही असे मनात बसते. घराच्या मीटरचे तसे नाही. तेथे प्रत्येक तासाची नोंद होते, आणि वापर जसजसा वाढतो तसतसा पुढच्या युनिटचा दरही वाढतो. म्हणून वाया जाणारी वीज नेमकी किती आणि तिचे रुपये किती, हे स्वतः काढता आले पाहिजे. त्यासाठी गुणाकार-भागाकार आणि सेकंदकाटा असलेले घड्याळ एवढे पुरेसे आहे.

युनिट कसे मोजावे

कोणतेही उपकरण वीज किती वेगाने घेते ते वॅटमध्ये सांगतात. १००० वॅटचे उपकरण एक तास चालले म्हणजे एक युनिट वीज खर्च होते. यावरून पुढील सूत्र तयार होते.

युनिट = वॅट × रोजचे तास × दिवस ÷ १०००

उपकरणाचे वॅट त्याच्या मागील पट्टीवर किंवा खोक्यावर छापलेले असतात. मोटारीवर अश्वशक्ती दिलेली असते. एक अश्वशक्ती म्हणजे ७४६ वॅट, परंतु ही मोटारीने दिलेली शक्ती होय. मोटार स्वतः त्यापेक्षा जास्त वीज घेते, म्हणून घरगुती एक अश्वशक्तीच्या मोटारीसाठी हिशेबात १००० वॅट धरावेत.

वाया गेलेली वीज कोणती?

वापरलेली सर्व वीज वाया जात नाही. हिशेब करताना वाया जाणाऱ्या विजेचे तीन प्रकार वेगळे धरावेत.

१) गरज नसताना चाललेले उपकरण. उदाहरणार्थ, रिकाम्या खोलीतील पंखा, रात्रभर जळणारा गोठ्यातील दिवा, भरून वाहणारी टाकी.
२) गरज आहे, पण उपकरण जास्त वीज खाते. उदाहरणार्थ, एलईडीऐवजी तारेचा पिवळा बल्ब.
३) वायरिंगमधील किंवा उपकरणातील गळती. यात वीज जाते आणि जिवालाही धोका असतो.

पहिल्या प्रकारात खर्च न करता बचत होते, दुसऱ्यात आधी पैसे घालावे लागतात, तर तिसऱ्यात जाणकार वायरमनची गरज असते. म्हणून उपाय करतानाही याच क्रमाने विचार करावा. तिसऱ्या प्रकारातील धोका दिसला तर मात्र तो सर्वांत आधी दूर करावा.

दर कोणता धरावा?

बहुतेकांची चूक येथे होते. एकूण बिलाला एकूण युनिटने भागून सरासरी दर काढला जातो आणि वाया गेलेल्या युनिटना तोच लावला जातो. परंतु महावितरणच्या घरगुती दरात १ ते १००, १०१ ते ३००, ३०१ ते ५०० आणि ५०० च्या वर असे टप्पे असतात व प्रत्येक पुढच्या टप्प्याचा दर जास्त असतो. वापर कमी केला म्हणजे बिलातून सर्वांत वरची युनिटे आधी कमी होतात. म्हणून वाया गेलेल्या युनिटला सरासरी दर न लावता आपण ज्या टप्प्यापर्यंत पोहोचतो त्या शेवटच्या टप्प्याचा दर लावावा.

हा दर स्वतःच्या बिलावरून काढावा. त्या टप्प्याचा वीज आकार, त्यात प्रति युनिट वहन आकार, इंधन समायोजन आकार असल्यास तो, आणि या बेरजेवर बिलात छापलेल्या टक्क्यांप्रमाणे वीज शुल्क मिळवावे. स्थिर आकार यात धरू नये, कारण वीज वाचवली तरी तो भरावाच लागतो.

दर वेळोवेळी बदलतात. म्हणून या लेखात केवळ हिशेब समजण्यासाठी सर्व आकार धरून पहिल्या १०० युनिटला प्रत्येकी ६ रुपये आणि १०१ ते ३०० या टप्प्यात प्रत्येकी १२ रुपये असा दर मानला आहे. आपण आपल्या बिलावरील आकडे घालावेत.

नमुना हिशेब

दोन-तीन दुभती जनावरे असलेल्या एका कुटुंबाचा हिवाळ्याच्या तोंडावरील महिन्याचा वापर १९० युनिट आहे असे समजू. दिवस ३० धरले आहेत.

१) गोठ्यातील १०० वॅटचा बल्ब संध्याकाळी सहा ते सकाळी सहा असा बारा तास जळतो. धारा काढणे, वैरण घालणे यासाठी सकाळ-संध्याकाळ मिळून चार तास उजेड लागतो. जादा आठ तास.
१०० × ८ × ३० ÷ १००० = २४.०० युनिट

२) उरलेल्या चार तासांसाठी १२ वॅटचा एलईडी दिवा पुरतो. फरक ८८ वॅट.
८८ × ४ × ३० ÷ १००० = १०.५६ युनिट

३) टीव्ही रिमोटने बंद केला जातो, पण टीव्ही आणि सेट-टॉप बॉक्स यांचा भिंतीवरील स्विच चालूच राहतो. दोन्ही मिळून १० वॅट, वीस तास.
१० × २० × ३० ÷ १००० = ६.०० युनिट

४) माणूस नसलेल्या खोलीत ७५ वॅटचा पंखा रोज पाच तास.
७५ × ५ × ३० ÷ १००० = ११.२५ युनिट

५) टाकी भरून वाहू लागल्यावर एक अश्वशक्तीची मोटार रोज पाव तास.
१००० × ०.२५ × ३० ÷ १००० = ७.५० युनिट

६) पाणी तापल्यावरही १५०० वॅटचा हीटरचा रॉड रोज वीस मिनिटे चालू राहतो. रोजचे अर्धे युनिट.
०.५० × ३० = १५.०० युनिट

एकूण वाया : ७४.३१ युनिट

सहाव्या बाबीचा थोडा खुलासा आवश्यक आहे. एक युनिट विजेपासून ८६० किलोकॅलरी उष्णता मिळते. २० लिटरची बादली २० अंश सेल्सिअसपासून ४२ अंशांपर्यंत तापवण्यास २० × २२ म्हणजे ४४० किलोकॅलरी, अर्थात साधारण अर्धे युनिट लागते. १५०० वॅटच्या रॉडला हे काम वीस-एकवीस मिनिटांत होते. त्यानंतरही रॉड चालू राहिला तर तेवढीच वीज पुन्हा लागते. त्या कढत पाण्यात विसण घालून दुसरी बादली केली तर ती वीज सत्कारणी लागली. ते पाणी पडून गार झाले तर मात्र ती वाया गेली.

आता रुपये काढू.

सध्याचे बिल : (१०० × ६) + (९० × १२) = १६८० रुपये
वाया वीज टाळल्यास वापर : १९० − ७४.३१ = ११५.६९ युनिट
नवे बिल : (१०० × ६) + (१५.६९ × १२) = ७८८ रुपये
बचत : सुमारे ८९२ रुपये

(स्थिर आकार दोन्हीकडे सारखाच असल्याने धरलेला नाही.)

सरासरी दराने हिशेब केला असता, १६८० ला १९० ने भागून ८ रुपये ८४ पैसे आले असते आणि वाया विजेची किंमत ६५७ रुपये दिसली असती. म्हणजे नुकसान २३५ रुपयांनी कमी भासले असते.

८९२ रुपयांचा अर्थ गोठ्याच्या भाषेत पाहू. दुधाच्या एका लिटरमागे वैरण, पेंड, औषधपाणी वजा जाता समजा ८ रुपये पदरात पडतात. तर ही रक्कम सुमारे १११ लिटर दुधाच्या निव्वळ नफ्याएवढी होते. त्यातील निम्म्याच्या जवळपास वीज त्याच गोठ्यातील एका बल्बाने खाल्लेली आहे, हे लक्षात घ्यावे.

वर्षाचा हिशेब करताना

एका महिन्याच्या आकड्याला सरसकट बाराने गुणू नये. गोठ्याचा दिवा, टीव्ही आणि मोटार बारा महिने. पंखा समजा आठ महिने. रॉड पाच महिने असे धरावे. वरील उदाहरणात गोठ्याचे ४१४.७२, टीव्हीचे ७२, पंख्याचे ९०, मोटारीचे ९० आणि रॉडचे ७५ मिळून वर्षाला सुमारे ७४२ युनिट होतात. सर्व युनिटे वरच्या टप्प्यातील असतील तर ही रक्कम ८९०० रुपयांच्या घरात जाते. ज्या महिन्यांत वापर शंभराच्या आत उतरेल, त्या महिन्यांत शंभराखालील युनिटांना खालचा दर लागेल आणि बचत तेवढ्याने कमी दिसेल.

दोन महिन्यांची तुलना करतानाही काळजी घ्यावी. दोन रीडिंगमधील दिवस प्रत्येक वेळी सारखे नसतात. म्हणून युनिटला दिवसांनी भागून रोजचा वापर काढावा व तोच ताडून पाहावा. तसेच बिलावरील चालू रीडिंग आणि मीटरवरील आकडा जुळतो की नाही ते पाहावे. अंदाजाने आलेल्या बिलावर असा हिशेब करता येत नाही.

थेंबाथेंबाने जाणारी वीज

ताशी ४ लिटरचा एक ड्रिपर चोवीस तासांत ९६ लिटर पाणी देतो, हे ठिबक वापरणाऱ्यांना सांगावयास नको. विजेचेही तसेच आहे. केवळ १० वॅटचे उपकरण अखंड चालू राहिले तर महिन्याला ७.२ युनिट आणि वर्षाला ८७.६ युनिट खर्च होतात. उलट १५०० वॅटचा रॉड रोज केवळ दहा मिनिटे चालला तर महिन्याला ७.५ युनिट लागतात. म्हणजे मोठ्या उपकरणाचा धाक वाटतो, पण गुपचूप चोवीस तास चालणारे छोटे उपकरण त्याच्या तोडीचे खाते.

अशी लपलेली वीज मीटरवरूनच शोधता येते. इलेक्ट्रॉनिक मीटरवर एक छोटा लाल दिवा उघडझाप करतो. एका युनिटला किती उघडझापी होतात तो आकडा मीटरच्या तोंडावर छापलेला असतो. ३२०० किंवा १६०० असे आकडे नेहमी आढळतात. तपासणी पुढीलप्रमाणे करावी.

१) रात्री निजण्यापूर्वी घरातील सर्व दिवे, पंखे व उपकरणे नेहमीप्रमाणे बंद करावीत. फ्रीज आणि इन्व्हर्टर यांचे स्विच थोडा वेळ बंद करावेत.
२) मीटरवरील दिवा पाहावा. उघडझाप थांबली पाहिजे. दिवा स्थिर पेटून राहिला तरी हरकत नाही.
३) उघडझाप सुरूच असेल तर एका उघडझापीपासून दुसरीपर्यंत किती सेकंद लागतात ते घड्याळावर मोजावे.
४) पुढील सूत्राने वॅट काढावेत.

वॅट = ३६,००,००० ÷ (मीटरवरील आकडा × सेकंद)

समजा आकडा ३२०० आहे आणि दोन उघडझापींत ४५ सेकंद गेले. ३२०० × ४५ = १,४४,०००. भागाकार केल्यावर २५ वॅट येतात. म्हणजे घर झोपलेले असताना २५ वॅट वीज कोठेतरी जात आहे. असे चोवीस तास चालू असेल तर महिन्याला १८ युनिट, आणि आपण मानलेल्या दराने २१६ रुपये होतात.

यानंतर टीव्ही, पाणी शुद्धीकरण यंत्र, चार्जर अशी एकेक वस्तू भिंतीवरील स्विचने बंद करून दर वेळी मीटर पाहावा. ज्या वस्तूने उघडझाप थांबेल किंवा मंदावेल ती वस्तू सापडली. याच पद्धतीने उलट, एकच उपकरण चालू ठेवून त्याचे खरे वॅटही काढता येतात. जुना पंखा, जुना फ्रीज, इन्व्हर्टर यांची अशी परीक्षा जरूर करावी. फ्रीजची मोटार मधून मधून चालते, म्हणून त्यासाठी संध्याकाळ ते सकाळ असे बारा तासांचे रीडिंग घेणे अधिक योग्य. मात्र त्या वेळी इतर उपकरणांचा वापर वेगळा धरून तो वजा करावा.

गळती असेल तर

सर्व वस्तूंचे स्विच बंद असूनही उघडझाप थांबत नसेल तर मेन स्विच बंद करून पाहावे. मेन बंद केल्यावर ती थांबली तर दोष घरातील वायरिंगमध्ये आहे. मेन बंद असूनही ती सुरू राहिली तर दोष मीटर आणि मेन स्विच यांच्या दरम्यान आहे. तेथे हात न लावता महावितरणच्या कार्यालयास लेखी कळवावे.

घरातील गळतीमुळे होणारे पैशाचे नुकसान मोठे असेलच असे नाही. २३० व्होल्टला ०.१ अँपिअरची गळती म्हणजे २३ वॅट. परंतु माणसाच्या किंवा जनावराच्या शरीरातून जाण्यास हा प्रवाह प्राणघातक आहे. पावसाळ्यात ओल्या भिंती, गोठ्यातील पत्रे आणि लोखंडी खांब यांत विद्युत प्रवाह उतरून जनावरे दगावतात, ती अशाच गळतीने. म्हणून गळतीचा संशय आल्यास परवानाधारक वायरमनकडून वायरिंग व अर्थिंग तपासून घ्यावे आणि घर व गोठा या दोन्हींसाठी ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी बसवून घ्यावा. येथे युनिटचा हिशेब करीत बसू नये.

नवीन उपकरण घेण्यापूर्वी

२०१५ साली उजाला योजना सुरू झाल्यानंतर एलईडी दिवे स्वस्त झाले व गावोगाव पोहोचले. तरीही गोठा, अंगण, न्हाणीघर अशा ठिकाणी जुने बल्ब टिकून आहेत. वरील उदाहरणात बल्ब बदलून महिन्याला १०.५६ युनिट, म्हणजे सुमारे १२७ रुपये वाचतात. दिवा १०० ते १५० रुपयांचा असेल तर साधारण महिनाभरात त्याची किंमत निघते.

पंख्याच्या बाबतीत मात्र तास पाहावेत. ७५ वॅटच्या जुन्या पंख्याऐवजी ३० वॅटचा बीएलडीसी पंखा घेतल्यास ४५ वॅट वाचतात. तो रोज बारा तास चालत असेल तर महिन्याला १६.२ युनिट, म्हणजे १९४ रुपये वाचतात. साध्या पंख्यापेक्षा त्याला १५०० रुपये जास्त पडत असतील तर वापराच्या आठ महिन्यांत ते वसूल होतात. तोच पंखा दिवसाला दोन तासच लागत असेल तर महिन्याला ३२ रुपये वाचतात आणि वसुलीस वापराचे ४६ महिने लागतात. म्हणून सर्व पंखे एकदम न बदलता जास्त चालणारा पंखा आधी बदलावा. फ्रीज घेताना तारांकित लेबलवर वर्षाची युनिटे छापलेली असतात, ती किमतीइतकीच काळजीपूर्वक वाचावीत.

कोठे काटकसर करू नये

हिशेबाचा दुसरा उपयोग असा, की कोणत्या विजेवर घरात वाद घालू नये हेही कळते. चांगला मोबाईल चार्जर रिकामा लावून ठेवला तर अर्ध्या वॅटपेक्षाही कमी वीज घेतो. महिन्याला जेमतेम चार रुपये. त्यावरून मुलांवर रागावण्यापेक्षा टाकीला फ्लोट स्विच बसवणे फायद्याचे.

घरापासून गोठ्यापर्यंतच्या वाटेवर ९ वॅटचा एलईडी दिवा रात्रभर ठेवला तर महिन्याला ३.२४ युनिट, म्हणजे ३९ रुपये लागतात. पावसाळ्यात विंचू-सापाचे भय असताना पहाटे धारा काढण्यासाठी घरातील माणूस, बहुतेक वेळा स्त्री, याच वाटेने जाते. हा खर्च वाया गेलेला नाही. स्वयंपाकघरातील उजेड आणि मुलांच्या अभ्यासाचा दिवा यांचेही तसेच समजावे.

आठवड्याचा कार्यक्रम

पहिल्या दिवशी बिलावरून शेवटच्या टप्प्याचा दर काढावा. दुसऱ्या दिवशी घर, गोठा व अंगणातील उपकरणांची वॅटसह यादी करावी. त्या रात्री मीटरची उघडझाप तपासावी. पुढील पाच दिवस रोज ठरावीक वेळी मीटरचे रीडिंग वहीत लिहावे व गरज नसताना कोणते उपकरण किती वेळ चालले याची नोंद करावी. नोंदी ठेवण्याचे काम शाळेत जाणाऱ्या मुला-मुलींकडे सोपवावे. गणिताचा याहून चांगला सराव नाही. शेवटी प्रत्येक बाबीपुढे युनिट आणि रुपये मांडून सर्वांत मोठ्या दोन बाबींवर आधी उपाय करावा. पुढील महिन्याच्या बिलातील रोजचा वापर जुन्या वापराशी ताडून पाहिला म्हणजे आपला हिशेब कितपत बरोबर होता ते समजेल.

शेतात तण उगवताच उपटले तर खुरपणीचा खर्च वाचतो. वाया जाणाऱ्या विजेचेही तसेच असून ती लवकर ओळखणे महत्त्वाचे आहे. एकदा हा हिशेब वहीत उतरला, की पुढचे बिल हाती येण्यापूर्वीच त्याचा अंदाज आपणास सांगता येईल.